नणंदेचा कुकीचा क्लास

मी कुकीज काऊन बनवत नाई, ते आयका. माझी नणंद शुभा पुण्याले राह्यते. मागं तिनं व्हिडिओ कॉलवर चिमूरले आम्हाले नाचणीच्या पौष्टिक कुकीज शिकवल्या. साखर नाई, मैदा नाई, तूपही नाई.

माझ्या सासूबाईनं विचारलं, "मंग चवीले काय टाकाचं वो?"

"आई, मध्ये बोलू नकोस. कॉलवर एका वेळी एकानंच बोलायचं असतं!"

क्लास संपला. शुभानं बाय केलं, पण कॉल बंद कराचा विसरली. लगेच नवऱ्याले म्हणते, "अहो, क्रीमची बिस्किटं द्या इकडे. आईला काय कळतंय यातलं?"

सासूबाईनं फोन तोंडाजवळ धरला.

"कळलं वो शुभे, समदं कळलं. खाय आता पोटभर."