पानाच्या तळाशी अंगठा

आजच्या समारंभाचे अध्यक्ष आदरणीय बामोये तुरे, मंचावर त्यांच्या शेजारी बसलेले त्यांचे धाकटे बंधू अल्फादी गुरुजी, बामाकोहून मुद्दाम आलेले पाहुणे, जेन्नेतले वडीलधारे, आयाबहिणींनो, आणि आपल्या हस्तलिखित संग्रहाचा कारभार आज सोडणारी नियेले कुलिबाली!

नियेलेबद्दल चांगलं बोल, असं मला बजावलंय. पण मी तुरे, ती कुलिबाली. आमच्या घराण्यांचं नातंच थट्टेचं. एकमेकांना गुलाम म्हणायचं आणि रागवायचं कुणीच नाही. तेव्हा बाई कजाग आहे आणि चवळी दिसली की कामधाम विसरते, एवढं आधी सांगून टाकतो. हसू नकोस नियेले, खरंच आहे ते!

आता मुद्द्याचं. जगात ताऱ्यांवर मोठमोठे ग्रंथ झाले. प्रत्येकाची थोरवी कशात? आधीच्याची चूक काढण्यात. तसा एक ग्रंथ या दोघा तुरे भावांच्या खापरपणजोबांनी इथे, जेन्नेत लिहिला. पाहुण्यांसाठी सांगतो, आमची पुस्तकं शिवलेली नसतात. सुटी पानं चामड्यात गुंडाळलेली. क्रम चुकू नये म्हणून प्रत्येक पानाच्या तळाशी पुढच्या पानाचा पहिला शब्द लिहून ठेवतात. भावांचे वडील गेल्यावर वाटणी झाली, तसं पुस्तकही वाटलं गेलं. पहिला अर्धा भाग बामोयेंकडे, दुसरा गुरुजींकडे.

गुरुजींच्या पहिल्याच पानाची सुरुवात होती, ‘चूक होतं.’ झालं! म्हणजे आधीच्या आचार्यांचंच, असं धरून गुरुजींनी आपल्या शाळेच्या भिंतीवर रंगवून घेतलं, ‘आमच्या पूर्वजांनी जगाच्या आचार्यांची चूक काढली.’ थोरला भाऊ मात्र आपली पानं कुणाला दाखवीना. गुरुजी त्यांना गावभर कंजूष म्हणत फिरले, मग बोलणंच बंद.

निवृत्तीआधी हे पुस्तक एक झालेलं पाहायचं, असा नियेलेनं ध्यास घेतला. दुसऱ्या कुणी मध्ये पडलं असतं तर भांडण पेटलं असतं. हिच्यावर रागवायची तर सोय नाही! बामोयेंच्या दारात बसून ही ओरडली, “ए गुलामा, पानं आण! नाहीतर तुझ्या मयताला तुझाच झगा घालून नाचेन!”

“नाच. तेवढीच करमणूक,” असं म्हणत बामोये शेवटी पानं घेऊन संग्रहात आले. गुरुजीही आले. मी तिथेच होतो. शेवटचं पान मांडलं, पण बामोयेंचा अंगठा पानाच्या तळाशी तसाच.

“अंगठा काढ की! पान गिळायचंय का?” नियेले म्हणाली.

अंगठ्याखाली शब्द होता, ‘चूक’. त्याच्या वरच्या ओळी तिनं मोठ्यानं वाचल्या. “आचार्यांचं गणित चुकलं, असं मी तरुणपणी लिहिलं होतं. आता छतावर बसून पुन्हा पाहिलं. माझंच मोजणं…” आणि गुरुजींचं पान पुढे सरकवलं. “चूक होतं. माझ्यामागून येणाऱ्यानं माझ्यावरही विसंबू नये.”

गुरुजी म्हणाले, “दादा, तुला ठाऊक होतं? बोलला का नाहीस?”

“भिंतीवर एवढं मोठं रंगवून बसलास. पोरांच्या देखत तुला तोंडघशी कसं पाडू?”

“मी तुला कंजूष म्हणत फिरलो रे!”

“ऐकू येत होतं. बहिरा नाहीये मी.”

गुरुजी लहान मुलासारखे रडले. मलाही आवरलं नाही, सांगायला लाज कसली? मंडळी, दुसऱ्याची चूक काढणारे ग्रंथ पुष्कळ असतील. स्वतःची काढणारा आपल्या गावात आहे, आणि नियेलेमुळे तो आता अखंड आहे. शाळेची भिंतही गुरुजींनी स्वतः उभं राहून नव्यानं रंगवून घेतली.

नियेले, तुझे उपकार गाव विसरणार नाही. आपण सर्वांनी शांतपणे ऐकून घेतलंत, आभारी आहे. बोलण्यात काही कमीजास्त झालं असेल तर पोटात घाला. अध्यक्षांची मात्र वेगळी माफी मागतो. ‘ही गोष्ट सांगू नकोस, अल्फादीला वाईट वाटेल,’ असं त्यांनी मला दारातच बजावलं होतं. आणि ‘ती सांगितल्याशिवाय खाली उतरू नकोस,’ असं गुरुजींनी.