भोगीला टर्निप

वॉटर्लूच्या बाजारात रांगेत पुढे सासू-सून मराठीत बोलू लागल्या, तशी मागे उभ्या ऋचाने फोन खिशात टाकला आणि कान दिला.

"आई, उद्या भोगी, आणि इथे ना पापडी, ना हरभरा. इंडियन ग्रोसरीतून फ्रोझन आणूया."

"नको. भोगीला ज्या गावात राहतो तिथलं थंडीतलं जे असेल, ते घालायचं. गाजर घे, बीट घे, टर्निप घे."

"भोगीच्या भाजीत टर्निप?"

"त्याला काय धाड भरलीय? तिळाचं कूट घातलं की झालं."

"मग इतकी वर्षं तुम्हीच फ्रोझन पापडी आणत होतात ना?"

"चाळीस वर्षं वाटत होतं, आपण परत जाणार. ईशिता, टर्निप कोवळे बघून घे."