तोंडात टाचण्या

बायको : शिलाई मशीन बिघडलं म्हणता, आणि काल म्हणालात वीज नव्हती. शेजारचे चष्मेवाले भेटले मला. त्यांच्याकडे दिवे लख्ख होते म्हणे.

मास्तर : त्या चष्मेवाल्याला लोकांच्या दुकानात बघायला चष्मा लागत नाही.

बायको : विषय बदलू नका. तीन दिवस दुकान बंद ठेवून भिंतीकडे तोंड करून बसलाय. शनिवारी शाळेतल्या बाई आल्या होत्या ना?

मास्तर : तुला कोणी सांगितलं?

बायको : ते राहू दे. काय झालं ते तुमच्या तोंडून ऐकायचंय.

मास्तर : काही नाही झालं.

बायको : काही झालं नाही, म्हणून बाई अर्धवट टाचलेला ड्रेस घालून रस्त्यावर धावल्या?

मास्तर : लांब ड्रेस होता. खालचा घेर एका बाजूला लोंबत होता. मी नेहमीसारखा गुडघ्यांवर बसून टाचत होतो, त्यांच्याभोवती सरकत सरकत. दहा मिनिटं गेली असतील. मग समोरून बघावं म्हणून उठलो, आणि डोळ्यांपुढे काळोख.

बायको : काळोख म्हणजे?

मास्तर : काळोख म्हणजे काळोख. पाय कुठे आहेत तेच कळेना. हाताला लागलं ते धरलं.

बायको : आणि हाताला काय लागलं?

मास्तर : अगं, समोर त्याच होत्या ना. कंबर लागली. दोन्ही हातांनी धरली. डोकं त्यांच्या पोटावर.

बायको : मग बोलायला काय झालं होतं? बाई, चक्कर आली. एवढं म्हणता येईना?

मास्तर : तोंडात टाचण्या होत्या.

बायको : अगं बाई.

मास्तर : सात-आठ तरी. ओठांत धरलेल्या. तोंड उघडलं असतं तर घशात गेल्या असत्या. मी नुसतं उं उं केलं. तो आवाज माझा मलाच कसा वाटला, काय सांगू तुला! शी! त्या किंचाळल्या, मला ढकललं. कापडाच्या गठ्ठ्यावर जाऊन पडलो. टाचण्या थुंकून टाकेपर्यंत त्या दाराबाहेर.

बायको : ही पहिलीच चक्कर?

मास्तर : नाही. डॉक्टरांनी प्रेशरची गोळी वाढवली, तेव्हापासून. दोन महिने झाले. खाली बसलेला उठलो की गरगरतं, मग जातं.

बायको : आणि डॉक्टरांना सांगितलं नाहीत?

मास्तर : त्यांनीच विचारलं होतं. उठताना चक्कर येते का म्हणून. मी म्हटलं, छे, ठणठणीत आहे.

बायको : का पण?

मास्तर : दवाखान्याचं दार उघडं होतं. बाहेर बाकावर माझीच दोन गिऱ्हाइकं बसलेली. ज्याला धड उठता येत नाही, त्याच्याकडे कापड कोण टाकेल?

बायको : आता घेताय ना गोळी?

मास्तर : शनिवारपासून बंद केली.

बायको : धन्य आहे तुमची! स्वतःच्या मनाने बंद करायची असते का ती? झटका आला म्हणजे? आत्ता डॉक्टरांना फोन लावते. सगळं सांगायचं, लपवायचं नाही. आणि मग बाईंकडे जायचं.

मास्तर : तिथे मी येणार नाही.

बायको : यावं लागेल.

मास्तर : काय सांगू त्यांना? तीस वर्षं बायकांची मापं घेतली. टेपशिवाय बोट लागू दिलं नाही कोणाला. आता जाऊन म्हणू, बाई, गोळीमुळे झालं? पकडला गेलेला प्रत्येकजण असंच काहीतरी सांगतो. मला लाज वाटते गं. दुकानाच्या कुलपाला हात लावायचीसुद्धा लाज वाटते.

बायको : मी येते ना बरोबर. डॉक्टरांची चिठ्ठी घेऊ.

मास्तर : तू नको. माझ्यापायी तुझी मान खाली जायला नको.

बायको : ती गेलीय केव्हाच.

मास्तर : म्हणजे?

बायको : रविवारी सकाळी बाईंचा फोन आला होता मला.

मास्तर : रविवारी? आज मंगळवार. आणि तू एका शब्दाने बोलली नाहीस?

बायको : बिचाऱ्या अडखळत होत्या. मला सांगावं की नाही, रात्रभर विचार केला म्हणाल्या.

मास्तर : मग तू काय म्हणालीस? आमचे हे तसे नाहीत, असं सांगितलंस ना?

बायको : नाही.

मास्तर : निदान विचारून बघते, असं तरी?

बायको : नाही हो. मी माफी मागितली त्यांची.

मास्तर : कशाबद्दल?

बायको : तुमच्याबद्दल.

मास्तर : मला न विचारता?

बायको : विचारायचं सुचलंच नाही.