अंगठ्याची दोरी

कौसल्या : ट्रंक भरून झालीय, भावजी. दादा येईलच न्यायला. मी सोडून जात नाहीय. तुमचा दोस्तच मला आणि पोरीला घालवतोय.

बुधाजी : कोंड्या, आत ये. पोस्टमनसारखा दारात काय उभा?

कोंडीराम : इथं बरा आहे.

बुधाजी : स्वतःच्या खोलीत यायला ऑर्डर लागते काय रे? परळच्या हॉस्पिटलात पाळीभर पेशंटांची भांडी उचलून सीधा इकडं आलोय. बस की माझ्यापुढं.

कोंडीराम : तू तिला समजाव, बुध्या. नलूला घेऊन माहेरी जा म्हणावं. बास.

कौसल्या : त्यांना निरोप मी धाडला. समजवायचं कुणाला, ते त्यांचं त्यांना ठरवू दे.

बुधाजी : आधी झालं काय ते तरी सांगा कुणीतरी.

कौसल्या : निवडणुकीचा निकाल लागला, समितीचा माणूस निवडून आला. चिंचपोकळीच्या नाक्यापासून पोरांनी फटाक्यांच्या लडी लावल्या. हे रातपाळी करून झोपलेले, नलू कुशीत. मी मोरीवर. आत येऊन बघते तर हे पोरीवर पालथे, सगळं अंग टाकून. तिचा आवाजच येईना. खांदा धरून हलवलं, केस ओढले, तर आणखीनच दाबून बसले. शेजारची राधाबाई धावली, दोघींनी ओढलं तेव्हा कुठं सुटली. ओठ निळे पडले होते माझ्या पोरीचे.

कोंडीराम : मला वाटलं, तोफा सुरू झाल्या. अंगाखाली कुणीतरी आपलं आहे, त्याला लागू द्यायचं नाही, एवढंच डोक्यात.

बुधाजी : हं.

कोंडीराम : हं काय? वाचवता वाचवता मारलं असतं मी तिला.

कौसल्या : काश्मीरहून आले तेव्हा धडधाकट होते, भावजी. गिरणीत लागले, लग्न झालं. घोरायचेसुद्धा, चाळीला ऐकू जाईल असे. मागच्या साली इथं पोलिसांचा गोळीबार झाला, आपल्याच रस्त्यावर, तिथून झोप उडाली. आणि निकालापासून तर जिन्यातच बसून असतात. डोळा लागायला आला की भिंतीवर डोकं आपटतात. परवा गिरणीत साच्यात हात जाता जाता वाचला.

बुधाजी : दिसतंय तोंडावर.

कोंडीराम : दमलोय रे. लई दमलोय. ह्या दोघी गेल्या की झोपेन मी. खोलीत कुणी नसलं की झोपेन.

कौसल्या : आणि मला परत बोलावणार कोण? तुम्ही? आज गेले की गेलेच मी. तुम्ही कसले बोलावताय.

बुधाजी : बोल की आता.

कोंडीराम : काय बोलू? खरंच आहे ते.

बुधाजी : वैनी, तुम्ही खांद्याला हात लावलात ना, तिथं चुकलं.

कौसल्या : मग कुठं लावायचा? अख्ख्या चाळीत बायका नवऱ्याला खांदा हलवूनच उठवतात, भोंग्याच्या आधी.

बुधाजी : चाळीत. खंदकात नाही. तिथं डोक्याकडून आलेला हात म्हणजे दुश्मनाचा. आम्ही दोघं एका खंदकात, एक संतरी, एक झोपलेला. झोपणाऱ्याच्या पायाच्या अंगठ्याला सुतळी, दुसरं टोक जागणाऱ्याच्या हातात. बोलायचं नाही, विडी नाही. एक जोराचा झटका म्हणजे ऊठ. दोन हलके म्हणजे सब ठीक, झोप. हा गडी सारखा डोळे उघडायचा. मी दोन झटके दिले की परत झोपायचा. कधी सांगितलं नाही त्यानं?

कौसल्या : ते कुठलं सांगताहेत.

कोंडीराम : सांगण्यासारखं काय त्यात? सुतळी ती.

बुधाजी : आठवते का पण?

कोंडीराम : अजून झोपेत पाय ओढून बघतो मी. आहे का ते. नसते.

बुधाजी : वैनी, घरात सुतळी आहे?

कौसल्या : अंगठे मेलेल्याचे बांधतात, भावजी.

बुधाजी : धम्मदीक्षा घेतलीत ना? शकुन-अपशकुन सोडले म्हणत होतात.

कौसल्या : सोडले. पण सासऱ्यांचे अंगठे बांधले तेव्हा मी समोर होते. जीव धजत नाही.

कोंडीराम : राहू दे, बुध्या. सुतळीनं माणूस बरा होतो होय?

बुधाजी : बरं व्हायचं कोण म्हणालं? मी तरी कुठं बरा आहे? वॉर्डात बाटली फुटली की मी खाटेखाली. पेशंट हसतात मला. तू फक्त घटकाभर झोप, एवढंच म्हणतोय.

कौसल्या : थांबा. भाकऱ्या थापताना नलूच्या झोळीची दोरी मी अंगठ्यालाच बांधते की. रोजची गोष्ट, आणि ध्यानात आली नाही बघा.

बुधाजी : मग?

कौसल्या : मग काय, तिचीच उरलेली आहे, ती घ्या. अवो, आत या. पाय माझ्याकडं करा. पोरगी वर झोळीत आहे, तुमच्या अंगाखाली यायची नाही.

कोंडीराम : परत फटाके वाजले तर?

कौसल्या : तर एक जोराचा झटका. उठा आणि बघा, मी इथंच बसलेय.

कोंडीराम : तू जाशील उठून. कामं असतात तुला.

कौसल्या : जायची नाही.

(कोंडीराम आत येऊन भिंतीशी आडवा होतो. कौसल्या त्याच्या अंगठ्याला दोरी बांधते, दुसरं टोक आपल्या हातात धरते.)

कोंडीराम : बुध्या, लगेच जाऊ नको.

बुधाजी : बसलोय रे.

कोंडीराम : कौसल्ये, आहेस ना?

बुधाजी : तोंडानं नको, वैनी. दोन. हलके.

कौसल्या : दिले.

बुधाजी : पाय सैल पडला बघा.

कौसल्या : हळू बोला. आत्ताच डोळा लागलाय.

बुधाजी : वैनी, तुमचे दादा आले वाटतं. जिन्यात आवाज येतोय. ट्रंक बाहेर काढू?

कौसल्या : गॅलरीतच गाठा त्याला. म्हणावं, बस जरा. मला आत्ता हलता यायचं नाही.