विमान पडलं का बाबा नाव घेते

...नाही नाही, हात नका देऊ, नमस्कार माह्याकडून आधीच झाला समजा, माहे दोन्ही अंगठे गुंतले आहेत, तुम्ही बसा, खुर्ची ओढून घ्या, बाबाच्या खाटेजवळ बसा, बाबाले पाहालेच आले ना तुम्ही? मंग बसा. फक्त माह्या हाताले धक्का नका लागू देऊ. विमान पडलं नाही पायजे.

हसून राहिले तुम्ही. हसा. सकाळपासून जो आला तो हसला. म्हणतेत, बाप खाटेवर पडला आहे आन भुपेंद्र मोबाईलवर गेम खेळून राहिला. अरे, मले का हौस आहे? चाळीशी उलटली माही, धानाची बांधी सोडून ओसरीत बसून हे पिवळं विमान उडवाची मले हौस आहे? ...थांबा, घार आली... गेली. तुम्हाले सांगतो, मोबाईलात गेम टाकणं सोपं आहे, निस्तरणं लय कठीण.

झालं काय, यंदा धानाचा रोवणा आटोपला आन बाबाले लकवा मारला. उजवा हात गेला, बोलणं गेलं. गोंदियाले नेलं, थोडे बरे झाले, घरी आणले, पण बोलणं काही परत आलं नाही. आन हा माणूस कसा, तुम्हाले माहीत आहे, दवनीवाड्यात बोलला का आवाज तलावाच्या पारीपर्यंत जाये! तो माणूस खाटेवर मुक्याचा मुका. मले त रोज सकाळी वाटे, आज तरी म्हणन, 'भुप्या, उठ लेका.' शिवी देल्ली असती तरी चाललं असतं. नाही. छताकडे पाहून राहे नुसता.

मंग त्या व्यायाम शिकवणाऱ्या डिंपल मॅडम, त्या म्हणाल्या, (या बाईचं बोलणं पुस्तकासारखं आहे) 'हे बघा, अंगठा हलला पाहिजे. हाताला काम मिळालं की मेंदू जागा होतो. यांना आवडेल असं काहीतरी हातात द्या.' रबराचा बॉल देल्ला. बाबानं सोडून देल्ला. कुत्रं घेऊन गेलं. दुसरा देल्ला, तोही कुत्र्यानंच नेला. कुत्र्याचा मेंदू जागा झाला, बाबाचा नाही.

आन मंग मले आठवलं. विमान! मी लहान होतो तेव्हा बाबानं गोंदियाच्या बाजारातून टीव्हीले लावाचा गेम आणला होता, कॅसेटवाला. पूर्‍या आळीत तेवढा एकच. याच ओसरीत टीव्ही ठेवे आन सगळी आळी मांडी घालून बसे. त्यात एक पिवळं विमान होतं. डोंगर चुकवाचे, घारी चुकवाच्या, विजेचे तार चुकवाचे, बस. संपतच नाही तो गेम, पडाल तेव्हाच संपते. बाबा त्याच्यात एक्का! मी म्हटलं, हेच पायजे.

गेलो लोकेशकडे. त्याचं गोंदियात मोबाईलचं दुकान आहे. तो म्हणते, 'अरे भैया, इम्युलेटर डालो ना, सब पुराने गेम चलते.' टाकला. उघडला. आत काहीच नाही! रिकामा! म्हटलं, लोकेश, हे का आहे गा? त म्हणते, 'भैया, ये तो खाली डब्बा है, गेम आपको खुद डालना पड़ेगा.' म्हणजे पाण्याचं रिकामं टिपन देल्लं आन म्हणते पाणी तुम्ही आणा.

...आवाज नका करू जरा, तार येऊन राहिले. तीन तार. खालून, खालून... हां. विमान पडलं नाही पायजे.

मंग गेम शोधला. जिथं गेमची फाईल भेटते ना, तिथं डाउनलोड लिहिलेली बटणं ढीगभर, त्यातलं खरं एकच, बाकीच्यावर बोट ठेवलं का तुम्हाले बक्षीस लागलं म्हणते. मले तर त्या दुपारी चार गाड्या लागल्या. आली एकदाची फाईल, तर डब्ब्याले दिसत नाही! लोकेशले फोन. 'भैया, उसको फोल्डर दिखाओ, वो अंधा है, दिखाओगे तो देखेगा.' दाखवलं. चुकून पूरा मोबाईल दाखवला. त्यानं माह्या साळ्याच्या लग्नाचे फोटो पयले पाहाले, मंग गेम पाहाला.

पयले मारामारीचा टाकला. बाबा पाहेच ना. गाड्यांचा टाकला. तोंड फिरवलं. मंग टाकलं हे विमान. फाईलीचं नाव कोणत्या भाषेत होतं कोणाले माहीत, नुसत्या काड्या काड्या. दाबलं, त पडदा काळा. काळा म्हणजे काळाच. मी म्हटलं, गेला मोबाईल. आन त्या काळ्यातून ते जुनं संगीत आलं... टुई, टुई, टुई... आन तुम्हाले सांगतो, बाबाची मान फिरली. इतक्या दिवसात न फिरलेली मान, हळू हळू, हळू हळू माह्याकडं फिरली. माह्या अंगावर काटा आला. आनंदाचा होता का भीतीचा, मले तेव्हा नाही समजलं.

बाबाच्या हातात देल्ला. माहा हात खालून धरला. अंगठा हलला! खरंच हलला! थोडं उडालं, डोंगरावर आपटलं, पडद्यावर आलं 'गेम ओव्हर', आन बाबा बोलले. साफ बोलले. बाप्पा, मले वाटलं आता माहं नाव घेते. त का म्हणाले? 'आता... पुष्पाबाई.'

पुष्पाबाई म्हणजे या समोरच्या. मी पळत सांगाले गेलो, बाबा बोलले, तुमचं नाव घेतलं! बाईच्या डोळ्यात पाणी. दुसऱ्या दिवशी बाई हापशीवर घसरली, मनगट मोडलं.

म्हटलं, शेवाळ आहे, होते असं. पुन्हा गेम लावला. पुन्हा विमान पडलं. 'आता... गजेंद्र.' गजेंद्र माहा चुलतभाऊ. तो बिरसीच्या विमानतळाकडून येत होता, वरून ते शिकाऊ पायलटचं विमान चाललं होतं, हा गाडी चालवता चालवता वर पाहाले लागला आन गाडीसगट बांधीत गेला. चिखलातून काढला त फक्त डोळे दिसून राहिले. आन ध्यानात घ्या, विमानच पाहून पडला!

आता तुम्ही म्हणाल योगायोग. मीही म्हटलं. तिसऱ्यांदा विमान पडलं, मी म्हटलं बाबा, चूप राहा, पण बाबा कायचे राहतेत! 'आता... रुख्मा.' मले हायसं वाटलं. रुख्मा आत्या मरून जमाना झाला, तिचं आता का बिघडणार? भर दुपारी, वारा नाही, हवा नाही, भिंतीवरचा तिचा फोटो धाडकन खाली.

...लाईट गेली का? गेली. बघा. चार्जर लावला आहे आन लाईट गेली. कायले गेली असन आत्ताच? बॅटरी लाल झाली. बसा बसा, तुम्ही नका उठू, उठून का लाईट येणार आहे?

तर त्या दिवसापासून आळीत बोंब. ज्या ओसरीत मांडी घालून लोक बसत, तिच्या समोरून लोक झपाझप जाऊन राहिले. कोणी आलं त दारातूनच, 'काऊन गा भुपेंद्र, माहं नाव निघालं का?' रामलाल किराणावाला त म्हणे, 'तो गेम काढून टाक, मी तुले दुसरा आणून देतो, पत्त्याचा.' काढून टाकू? अहो, अंगठा हलून राहिला बापाचा! डिंपल मॅडम म्हणतेत, 'काय जादू केलीत? रोज चालू ठेवा.' रोज चालू ठेवा! त्यांचं का जाते, त्या गोंदियाले राहतेत.

आन माह्या मनात का चालू होतं सांगू? सगळ्यांचं नाव घेतेत, माहं काऊन नाही घेत? आन घेतलं त? रात्रंदिवस दोन्ही भीती. बापानं नाव घ्यावं म्हणून जीव तुटे, आन विमान पडलं का कान झाकून घ्यावं वाटे. लेकरानं असं करावं का?

शेवटी माही आई. गंगाबाई. ते तांदूळ निवडून राहिली ना, तेच. तिनं एकदा समोर बसून पाहालं, ऐकलं, आन म्हणते, 'अरे येड्या, हे डाव सांगून राहिले.' कोणता डाव? 'तुले नाही आठवत? टीव्ही तुह्या बाबाचा, रिमोट यायच्याच हातात. एकाचं विमान पडलं का हे मोठ्यानं दुसऱ्याचं नाव घेत. आता पुष्पाबाई, आता गजेंद्र. पयले पावणा, मंग शेजारी, मंग भाऊबंद, घरचे सगळ्यात मागून. पावणा आला आन डाव न घेता गेला, असं या घरी कधी झालं नाही.'

मी म्हटलं, हात्तिच्या! मले एवढं बरं वाटलं का मी हसलो. आठवलं ना सगळं! घरचा म्हणून माहा नंबर कधी लागे त जेवणाच्या वेळी. सगळी आळी खेळून घेये, मी उपाशी मांजरासारखा वाट पाहे.

तर आई म्हणते, 'हसू नको. रुख्मा झाली. आता माहा, मंग तुहा. मंग सगळ्यात शेवटी त्यायचा.' मी म्हटलं, बरं मंग? आई तांदळातले खडे पाहात म्हणते, 'यायचा सोताचा डाव झाला का हे टीव्ही बंद करत. सगळे आपापल्या घरी.'

हसू गेलं माहं. पार गेलं.

आज सकाळी विमान पडलं आन बाबानं म्हटलं, 'आता... गंगा.' जन्मात बायकोचं नाव न घेणारा माणूस! आई लाजली. या वयात लाजली, तुम्हाले सांगतो. खेळली, पयल्याच डोंगराले धडकली, आन पोह्याचा घास घेतला त तिचा उरलेला एक दात हातात आला. आन बाबा माह्याकडं वळले. डोळ्यात डोळे घालून. 'आता... भुप्या.'

रडलो मी. सरळ सांगतो, पोट्ट्यासारखा रडलो. किती दिवसांनी ऐकलं ते. रडता रडता मोबाईल हातात घेतला, विमान उडालं, आन मंग ध्यानात आलं का मी का करून बसलो. माहं विमान पडलं का पुढचा डाव बाबाचा. आन बाबाचा डाव झाला का... सगळं बंद.

म्हणून सकाळपासून उडवून राहिलो. विमान पडलं नाही पायजे. जेवण आईनं भरवलं. लोकेशले आपल्या मोबाईलवरून फोन लावून कानाशी धरला तिनं, तो म्हणते, 'भैया, सेव कर लो ना!' अरे, सेवचं बटण जाहिरातीच्या खाली गेलं आहे! तिथं बोट ठेवलं का मले पाचवी गाडी लागन, विमान पडन आन बाबाचा डाव... नको. मी नाही करत सेव. उडवतो. बॅटरी आहे तोवर उडवतो, मंग पाहू.

...काय? कोण बोललं? तुम्ही नाही ना?

बाबा?

ऐकलं तुम्ही? का म्हणाले? 'पाड ना लेका. सकाळपासून वाट पाहून राहिलो.' पूरं वाक्य बोलले! आई, ऐकलं वो? बाबा, नका ना. तुमचा डाव उद्या घ्या, परवा घ्या, दिवाळी होऊ द्या, धान निघू द्या... असे हात पुढं नका करू. उजवा आहे तो! आई, उजवा हात उचलला यायनं!

...गेलं. पाहालंत? पाहत राहिलो त्या हाताकडं आन गेलं विमान तारात.

घ्या. घ्या बाबा. नाही, मी नाही धरत खालून, धरा तुम्हीच. जमते का? जमते... जमते यायले. डोंगर आला बाबा, डावीकडून... हो हो, तुम्हाले माहीत आहे, मी नाही सांगत. ते पाहा कसा खालून काढला! हा असाच काढे, जीभ बाहेर काढून, अशीच. मी याच्या मांडीवर बसून पाहो हे. आई, ते तांदूळ ठेव बाजूले, पाह तरी.

...घार, बाबा. घार!

पडलं.

कोणी बोलू नका. बाबा? श्वास चालू आहे. आई, छाती हलून राहिली ना? हलून राहिली. आता मोबाईल बंद करतेत का? अंगठा ठेवला आहे त्या बटणावर... ठेवला आहे... आन लाईट आली. टुंग वाजलं. चार्जिंग सुरू. अंगठा काढला. काढला वो आई, बंद नाही केला!

हसून राहिले बाबा. पण माह्याकडं पाहून नाही हसत. तुमच्याकडं पाहून हसून राहिले.

अहो, उठून कायले राहिले? दाराकडं कायले पाहून राहिले? पावणे तुम्ही, या घरचा रिवाज त आईनं सांगितलाच होता, मी सांगितला ना तुम्हाले? विचारून राहिले ते, 'पावण्याचं नाव का म्हणे?'

सांगून टाका भाऊ. चहा ठेवते आई. डाव घ्या आन जा घरी... सांभाळून जा फक्त.