सुई की साप

तिलेक : अगं आजी, पण डोकं कसं होतं ते सांग ना! चपटं, तिकोनी होतं का?

आजी : पांढरं होतं.

तिलेक : सापाचं डोकं पांढरं?

आजी : दूध ओतलं ना मी त्याच्यावर! तंबूत शिरलेल्या सापावर दूध ओतायचं नि त्याला वाट मोकळी करून द्यायची. एवढंही माहीत नाही? कुठल्या किरगिझाच्या पोटी जन्मलास रे?

तिलेक : ओतायच्या आधी नीट बघायचं तरी!

आजी : दारी आलेल्या पाहुण्याचं तोंड निरखत बसू?

तिलेक : पाहुणा म्हणे! जाडजूड अंग, आखूड शेपूट. दारातून सरकताना पाहिलं मी. घोणशीच्या जातीचा होता.

आजी : ते तिकडे वर, तापलेल्या दगडांत असतात. इथे गवतात कशाला मरायला येतील?

तिलेक : उंदरांसाठी! रोज पीठ कोण सांडतं?

आजी : शाळा सोडून मेंढ्या हाकतोस, आणि मला शिकवतोस?

तिलेक : शाळेचं काढू नकोस हां. हात दाखव.

आजी : सुई टोचली म्हटलं ना. खाली अंथरायचा लोकरीचा नमदा शिवत होते.

तिलेक : सुई अशी शेजारीशेजारी दोनदा टोचते?

आजी : या डोळ्यांनी शिवून बघ, दहादा टोचेल.

तिलेक : कधी टोचली? साप दिसायच्या आधी की नंतर?

आजी : आधी... नाही, थांब. मी नमदा उचलला, तेव्हा तो खालून... मग टोचल्यासारखं झालं. पण सुई हातातच होती की. होती ना?

तिलेक : मला काय विचारतेस!

आजी : ओरडू नकोस. दूध दिलेला साप चावत नाही.

तिलेक : आणि दूध द्यायच्या आधी?

आजी : ते... ते कुणी सांगितलं नाही मला.

तिलेक : बस इथेच. हात हलवायचा नाही, कापायचा नाही, बांधायचा नाही. मी खालून असानकाकांचा ट्रक आणतो. दवाखान्यात जायचं.

आजी : आणि सुईच निघाली तर? अख्खं कुरण हसेल.

तिलेक : हसू दे! मी पण हसेन!

आजी : तिलेक...

तिलेक : आता काय?

आजी : तुझ्या आजोबांची अंगठी निघत नाहीये रे. सकाळी तर बोटात गरगर फिरत होती.