उल्हासनगरचा ससा

व्हिडिओ गेममधला ससा मेला म्हणून आमचे बाबा एकदा दुकानदाराशी भांडले होते. हसू नका, मी सोबत होतो.

तेव्हा अंबरनाथला आमच्या घरी नवीन केबल आली होती. बाबा कंपनीत फिटर. ड्यूटीवरून आले की माझ्याशेजारी बसून कार्टूनमधला तो ससा बघायचे. शिकाऱ्याने तोफ डागली की ससा काळाठिक्कर पडायचा, अंग झटकायचा आणि त्याच तोफेवर बसून पाय हलवायचा. बाबा लोळायचे हसून.

टीव्हीवर नाव काढल्यावर ससा गेममध्ये उतरला. बाबांनी हौसेने शेजारच्या उल्हासनगरातल्या कॅम्प चारमधून कॅसेट आणली आणि मला बाजूला सारून स्वतःच खेळायला बसले. ससा पहिल्याच खड्ड्यात पडून मेला. पुन्हा लावला, पुन्हा मेला.

"कॅसेट खराब आहे," बाबा म्हणाले. "हा ससा मरत नसतो."

दुसऱ्या दिवशी आम्ही परत दुकानात. सिंधी शेठने कॅसेट लावून स्वतः खेळून बघितलं. ससा त्याच खड्ड्यात मेला.

"बघा," बाबा तावातावाने म्हणाले. "टीव्हीवर तोफेचा गोळा खाऊन उठतो, आणि इथे साध्या खड्ड्यात मरतो?"

शेठने कॅसेट काढली, तिच्यावर फुंकर मारली आणि शांतपणे म्हणाला, "साईं, टीवीवाला कंपनी का माल है. ये उल्हासनगर का है. ये तो मरेगा ना."

बाबा कॅसेट घेऊन घरी आले आणि आईला म्हणाले, "माणूस प्रामाणिक आहे."